उर्वीवर राज्य

नौपाड्यातल्या त्या चार मजली सोसायटीत पोरांनी पार्किंगमध्ये खेळायचं की नाही, हा प्रश्न एकदा सर्वसाधारण सभेत चांगलाच गाजला होता. गाड्यांचे आरसे, म्हाताऱ्यांची झोप, तळमजल्यावरच्या दवाखान्यातले पेशंट, सगळं निघालं. शेवटी अण्णा देवस्थळी उभे राहिले. टेलिफोन खात्यातून निवृत्त झालेला माणूस, आवाज खणखणीत, आणि ते बोलत असताना कोणी पाणी प्यायला उठलेलंही त्यांना खपत नसे. त्यांनी सभा जिंकली. संध्याकाळी पाच ते सात पार्किंग पोरांचं, असा ठराव झाला. पोरांनी त्यांना खांद्यावर घ्यायचंच काय ते बाकी ठेवलं.

अण्णांनी हे काही पोरांवरच्या प्रेमापोटी केलं नव्हतं. दुसऱ्याच दिवशी त्यांनी सगळ्या टोळीला जिन्याजवळच्या बाकापाशी बोलावलं आणि आपली अट सांगितली. आपली नात उर्वी हिला प्रत्येक खेळात घ्यायचं. तिला ढकलायचं नाही, चिडवायचं नाही, आणि आऊट तर करायचंच नाही. ती लिंबूटिंबू.

लिंबूटिंबू म्हणजे काय, हे ज्याचं लहानपण अंगणात गेलंय त्याला सांगायला नको. कोणाचं तरी शेंबडं भावंड मागे लागतं, घरी पाठवलं तर आई रागावते, म्हणून त्याला खेळात घ्यायचं. ते धावतं, ओरडतं, लपतं. पकडलं तरी आऊट होत नाही आणि त्याच्यावर कधी राज्य येत नाही. आपण खेळतोय असं त्याला वाटत राहतं. मोठी सोयीची पद्धत आहे. फक्त ते भावंड दोनेक वर्षांत मोठं होतं आणि आपसूक खऱ्या खेळात येतं. उर्वी आता नऊ वर्षांची होती.

उर्वीला जन्मापासूनच सेरेब्रल पाल्सी. पाय ताठ, गुडघे आत वळलेले, चालायचं ते पुढे दोन चाकं असलेल्या वॉकरच्या आधाराने. पायांत जे कमी होतं ते जिभेने भरून काढायची तिची पद्धत होती आणि त्यात ती थेट अण्णांवर गेली होती. आई क्षिप्रा आणि बाबा स्वानंद ऑफिसातून यायचे ते दिवेलागण होऊन गेल्यावर. त्यामुळे शाळा सुटल्यानंतरची उर्वी ही अण्णांची. पाच वाजले की ते तिला लिफ्टने खाली आणत, पोरांच्या हवाली करत आणि स्वतः बाकावर पेपर उघडून बसत. पेपर नावाला. नजर पेपरच्या वरून.

खेळ बहुतेक वेळा डबा ऐसपैस. ऑइलपेंटचा एक रिकामा डबा होता, पोचे पडून पडून त्याचा आकार कशासारखाच राहिला नव्हता. कोणीतरी तो लांब फेकायचा, ज्याच्यावर राज्य असेल त्याने तो आणून खडूच्या गोलात ठेवायचा, तोवर बाकीचे लपणार. मग एकेकाला शोधायचं आणि दिसला की धावत येऊन डब्यावर हात आपटायचा, ‘नील ऐसपैस!’ पहिला जो सापडला त्याच्यावर पुढचं राज्य. पण सगळे सापडायच्या आत कोणी लपतछपत येऊन डबा उडवला, तर पकडलेले सगळे सुटले आणि राज्य पुन्हा शोधणाऱ्याच्याच बोडक्यावर.

उर्वी मीटरच्या खोलीपाशी खांबामागे लपायची. खांब बारीक, वॉकर रुंद. दोन्ही चाकं बाहेर दिसायची. पोरं तिच्यासमोरून जायची आणि कपाळावर हात ठेवून म्हणायची, “अरे यार, ही उर्वी कुठे गेली? काय लपते यार!” यात नील सगळ्यात पटाईत. सातवीतला, टोळीचा म्होरक्या, गणेशोत्सवातल्या नाटकात दोनदा बक्षीस मिळवलेला. अण्णा पेपरमागे हसायचे. पोरं गुणी आहेत, असं घरी बायकोला, सरोजताईंना सांगायचे. जग वाईट आहे म्हणतात, पण आपण नीट घडी बसवून दिली तर सगळं सुरळीत चालतं, यावर त्यांचा पक्का विश्वास बसला होता.

ती घडी मायाने विस्कटली.

माया दिवाळीनंतर तिसऱ्या मजल्यावर राहायला आली होती. वडील महेंद्र कांबळे बँकेत होते, ठाण्याला बदली झाली म्हणून खडवलीचं घर बंद करून इकडे आले. मुलगी दहा वर्षांची, काटकुळी. खडवलीला स्टेशनपलीकडे मैदानच मैदान, तिथे ती वाढलेली. आल्याच्या चौथ्या दिवशी ती खेळायला उतरली आणि नवीन म्हणून पहिलं राज्य तिच्यावरच आलं.

तिने डबा आणला, गोलात ठेवला, वळली आणि समोरच तिला खांबामागून बाहेर आलेली दोन चाकं दिसली. तिने डब्यावर असा काही हात मारला की दवाखान्यातला कंपाउंडर बाहेर डोकावला.

“उर्वी ऐसपैस! पहिली! उर्वीवर राज्य!”

गाड्यांच्या मागून एकेक डोकं वर आलं. शेवटी नील पुढे झाला आणि हलक्या आवाजात म्हणाला, “अगं, तिला नाही करायचं आऊट. ती लिंबूटिंबू आहे.”

“का? कितवीत आहे?”

“चौथीत. पण ती... बघ ना तू.”

“आमच्या खडवलीला पाच वर्षांच्या वरती लिंबूटिंबू नसतं,” माया म्हणाली. “आणि ती मला दिसली. मी काय करू?”

तोवर अण्णा पोचले होते. पेपर बाकावरच राहिला होता. “ए मुली, नाव काय तुझं? डोळे फुटलेत का? दिसत नाही का तिला काय त्रास आहे ते? इथे आमच्या सोसायटीत हे असलं चालत नाही. घरी काही शिकवलंय की नाही कोणी?”

आवाज खणखणीत होता हे सांगितलंच आहे. तो चारही मजल्यांवर गेला.

मायाचा चेहरा उतरला. तिने चप्पल घातली आणि ती जिन्याने वर निघून गेली. अण्णा नातीकडे वळले. ती घाबरली असेल, रडली असेल, अशी त्यांची समजूत. उर्वी खांबामागून बाहेर आली होती. चेहरा लाल झाला होता.

“मी आऊट झालेली,” ती म्हणाली.

“नाही गं बाळा, काही नाही झालीस.”

“झालेली! तिने मला बघितलं. माझ्यावर राज्य होतं!”

“छे, तुझ्यावर कशाला? अरे नील, चला, पुन्हा सुरू करा. उर्वी आऊट नाही.”

उर्वीने वॉकर वळवला आणि लिफ्टची वाट धरली. दार बंद होताना अण्णांना मध्ये पाय घालावा लागला, कारण ती त्यांच्यासाठी थांबली नव्हती.

दुसऱ्या दिवशी पाच वाजले, उर्वी उठली नाही. चित्र काढायचंय म्हणाली. तिसऱ्या दिवशी पुस्तक. चौथ्या दिवशी तिने कारण द्यायचंही सोडून दिलं. अण्णांनी त्या नव्या पोरीच्या नावाने बोटं मोडली. पोरगी चार दिवसांत येते काय आणि बसलेला खेळ मोडते काय! सरोजताई हॉलमध्ये शेंगा सोलत ऐकून घेत होत्या.

“अहो, तिला विचारलंत का, खाली का जात नाही ते?” त्यांनी विचारलं.

“विचारायचं काय त्यात? धसका घेतलाय पोरीने.”

“मला तरी धसका घेतल्यासारखी दिसत नाही. तुमच्यावर चिडल्यासारखी दिसते.”

अण्णांना हे झोंबलं. बायकोचं म्हणणं खरं आहे अशी शंका आली की त्यांना नेहमीच झोंबायचं. ते तरातरा आतल्या खोलीत गेले आणि पलंगाच्या कडेला बसले. उर्वी भिंतीकडे तोंड करून पडली होती.

“माझ्यावर रागावलीयस?”

“हो.”

“मी तुझ्या बाजूने बोललो ना पण?”

उर्वी कुशीवर वळली. तिला वळायला वेळ लागायचा, त्यामुळे उत्तरही सावकाश आलं. “अण्णा, मी त्यांना दिसते. सगळ्यांना. मला माहितीये. वॉकर बाहेर असतो.”

अण्णांनी चादरीची सुरकुती सारखी केली.

“एकदा मी लपलेच नाही. मुद्दाम. मध्ये उभी राहिले, डब्याच्या बाजूला. रत्नदीपवर राज्य होतं. तो माझ्याकडे बघून म्हणाला, उर्वी कुठे गेली यार. मग मी म्हटलं, माझा पाय दुखतोय, आणि तू मला वर आणलंस. आठवतंय? मी गॅलरीतून बघितलं. ते तसेच खेळत होते. मी असताना जसे खेळतात ना, अगदी तस्सेच.”

“अगं, पण त्यांना तू आवडतेस म्हणून...”

“मायाने मला शोधलं,” उर्वी म्हणाली. “पहिल्यांदा कोणीतरी शोधलं, तर तू तिलाच हाकललंस.”

अण्णांना आठवलं की मायाने नाव पुकारलं तेव्हा खांबामागून एक आवाज आला होता. त्यांना तो घाबरल्याचा वाटला होता. आता नीट आठवून पाहिलं तर ती किंकाळी होती, पण जत्रेतला पाळणा वरून खाली येताना पोरं फोडतात तशी. त्यांना स्वतःचा भयंकर राग आला. सभेत जिंकलेले सगळे मुद्दे, ती अट, ती घडी, सगळ्याची लाज वाटली. आपल्या नातीला खेळात घ्या म्हणून आपण भांडलो आणि तिला खेळाबाहेर कायमचं बसवून आलो, हे त्यांना त्या पलंगाच्या कडेवर बसल्या बसल्या स्वच्छ दिसलं.

“मी आता खाली जाणार नाही,” उर्वी म्हणाली. “माया येऊन माझ्यावर राज्य देईल तेव्हाच जाईन.”

झालं. म्हणजे आता तिसऱ्या मजल्याची पायरी चढणं आलं. अण्णांनी आयुष्यात साहेबांशी भांडणं केली, युनियनशी केली, केबलवाल्याशी तर दर महिन्याला केली, पण माफी मागायचा सराव त्यांना फारसा नव्हता. संध्याकाळी त्यांनी धुतलेला शर्ट घातला, दोनदा जिन्यापर्यंत जाऊन परत आले आणि तिसऱ्यांदा गेले.

दार महेंद्रने उघडलं. आत भिंतीवर बाबासाहेबांचा मोठा फोटो, कोपऱ्यात अजून न उघडलेले दोन खोके. “या काका,” तो म्हणाला, पण बसा म्हणायला त्याने जरा वेळ घेतला.

“मी त्या दिवशी तुमच्या मुलीला नको ते बोललो,” अण्णांनी सरळ मुद्द्याला हात घातला.

“हो. ऐकू आलं आम्हाला.” महेंद्र समोर बसला. “काका, राग मानू नका. ‘आमच्या सोसायटीत चालत नाही’, ‘घरी काही शिकवलंय की नाही’. माया रडत वर आली, तेव्हा माझ्या डोक्यात उर्वीचं काही आलंच नाही. मला वाटलं, सुरू झालं. पंधरा दिवसही झाले नाहीत आणि सुरू झालं.”

अण्णांच्या कानशिलापर्यंत रक्त चढलं. “तसं काही माझ्या...” ते म्हणाले आणि थांबले. तसं मनात नव्हतं हे खरं होतं. पण ऐकणाऱ्याला ते कुठून कळणार? आणि ‘आमच्या’ हा शब्द आपल्या तोंडात इतका सहज कसा आला? “तुमचं बरोबर आहे,” ते म्हणाले. “मी बोललो ते वाईटच होतं. कसंही ऐकलं तरी वाईटच. मला माफ करा. आणि माझं खरं काम मायाकडे आहे.”

माया स्वयंपाकघराच्या दारात कधीची उभी होती.

“माया, माझं चुकलं,” अण्णा म्हणाले. “तू बरोबर खेळत होतीस. उर्वीने सांगितलंय, तू आलीस तरच ती खाली येणार.”

मायाने वडिलांकडे बघितलं. त्याने खांदे उडवले, तुझं तू बघ.

“मग त्या दिवशीचं राज्य तिला घ्यायला लागेल,” माया म्हणाली. “ती पहिली आऊट झालेली.”

“हो, हो. पण ती डबा कसा आणेल? धावेल कशी?”

“ते तिचं ती बघेल ना,” माया म्हणाली. तिच्या आवाजात खडूसपणा नव्हता, तिला प्रश्नच कळला नव्हता.

दुसऱ्या दिवशी पाचला पाच मिनिटं कमी असतानाच उर्वी बूट घालून तयार होती. खाली पोरं जमली होती आणि अण्णांनी त्यांना एवढंच सांगितलं की माझी अट रद्द. तुमचा खेळ, तुम्ही ठरवा. मग ते बाकावर बसले आणि हात मांड्यांखाली दाबून धरले.

पोरांचं ठरवणं म्हणजे काय, तर नुसती बाचाबाची. नील म्हणाला, डबा जवळ फेकू. उर्वी म्हणाली, मुळीच नाही. रत्नदीप म्हणाला, मग तिच्याऐवजी मी धावतो. उर्वी म्हणाली, मग राज्य तूच घे ना. शेवटी तिने स्वतःची मागणी मांडली. डबा ती स्वतः आणेल, कितीही वेळ लागू दे. पण कोणी दिसला की ती डब्यापर्यंत जाणार नाही. असेल तिथे वॉकर दोनदा आपटणार आणि नाव घेणार. वॉकर आपटला तो डब्यावर हात पडल्यासारखा.

“हा! म्हणजे तू गेटवरून पण आपटशील!” माया तडकली. “चालणार नाही. फक्त पार्किंगच्या पिवळ्या पट्ट्याच्या आत.”

“पट्ट्यावर चाक असलं तर?”

“दोन्ही चाकं आत पाहिजेत.”

“एक.”

“दोन!”

“बरं, दोन,” उर्वी म्हणाली. ती इतकी खूश दिसत होती की अण्णांनी मान खाली घातली.

खेळ सुरू झाला. नीलने डबा फेकला तो थेट कचऱ्याच्या पिंपापाशी. उर्वी निघाली. वॉकर उचल, टेक, पाय ओढ, पुन्हा उचल. डबा वॉकरच्या दांडीला अडकवून ती परत आली तोवर तिच्या कपाळावर घाम होता आणि पोरं केव्हाच लपून कंटाळली होती. डबा ठेवून ती चार पावलं जाते न जाते, तोच रत्नदीप स्कूटरमागून आला आणि त्याने डबा उडवला. खणखण करत तो पार जिन्यापर्यंत गेला. पोरांनी जल्लोष केला. तिच्यावर दया म्हणून एकानेही आवाज कमी केला नाही.

ती पुन्हा निघाली. पुन्हा डबा आणला. पुन्हा उडाला. अण्णांना वाटलं, आपल्याच छातीवर कोणी तो डबा आपटतंय. एकदा तर पोरगी रडवेली झाली. ओठ दाबून गोलापाशी नुसतीच उभी राहिली. अण्णा उठले. तिने त्यांच्याकडे असं काही बघितलं की ते बसले.

मग जे व्हायचं ते झालं. गटाराच्या जाळीत चाक अडकलं आणि उर्वी तोंडावर आपटली. अण्णा धावले. पण जवळच्या गाडीमागे माया लपलेली होती, ती आधी पोचली. “लागलं का? हात दे, हात दे!” असं म्हणत ती वाकली. उर्वीने पडल्या पडल्या वॉकरची दांडी धरली, जमिनीवर दोनदा खाडखाड आपटली आणि कोपरातून रक्त येत असताना ओरडली,

“माया ऐसपैस!”

“चीटिंग!” मायाने तिचा हात तिथल्या तिथे सोडून दिला. “मी तुला उचलायला आलेली!”

“मग? दिसलीस ना? चाकं बघ, दोन्ही आत आहेत!”

सगळी टोळी बाहेर आली आणि तावातावाने भांडू लागली. पडल्यावर पकडलेलं धरायचं की नाही? नील म्हणाला धरायचं, माया म्हणाली मग मी जन्मात कोणाला उचलायला येणार नाही, आणि उर्वी जमिनीवर बसूनच दोघांशी भांडत होती. अण्णा रुमाल घेऊन उभे राहिले होते, त्यांच्याकडे कोणाचं लक्षच नव्हतं. अखेर नीलच म्हणाला, “अण्णा, तुम्ही बसा ना प्लीज. तुम्ही मध्येमध्ये आलात की खेळ थांबतो.” अण्णांनी रुमाल उर्वीच्या हातात कोंबला आणि ते गेले.

निकाल असा लागला की हा डाव रद्द, राज्य अजून उर्वीवरच. पुढच्या डावात मायाने सूड उगवला. तिने नील आणि रत्नदीप यांना गाडीमागे एकमेकांचे टीशर्ट घालायला लावले. लाल टीशर्टची बाही दिसताच उर्वीने वॉकर आपटला, “नील ऐसपैस!” आणि लाल टीशर्टातून निघाला रत्नदीप. चुकीचं नाव घेतलं की अंडं फुटलं, राज्य पुन्हा सुरुवातीपासून. “अंडं फुटलं, अंडं फुटलं!” पोरं नाचायला लागली. उर्वी रागाने लाल झाली, मग खो खो हसत सुटली. हसताना तिचा तोल जायचा, म्हणून तिने मायाचा दंड घट्ट धरून ठेवला होता.

सात वाजले. अंधार झाला. राज्य उर्वीवरून उतरलंच नाही. “राज्य उद्यावर!” नीलने जाहीर केलं, आणि सगळे पांगले.

घरी कोपराला औषध लावताना क्षिप्राच्या डोळ्यांत पाणी आलं. तिने सासऱ्यांकडे पाहिलं. उर्वी जेवणाच्या ताटावरच पेंगली.

पण दुसऱ्या दिवशी पाच वाजता वेगळाच प्रकार. उर्वी पलंगावर पाय पोटाशी घेऊन पडलेली. पोटात दुखतंय म्हणाली. झेपलं नाही पोरीला. आपण फार घाई केली. त्यांनी ओवा आणला, कपाळाला हात लावून पाहिला, कालची जखम तपासली. सरोजताई दारातून बघत होत्या आणि का कोण जाणे, गालात हसत होत्या.

सव्वापाचला बेल वाजली. एकदा नाही, बोट ठेवूनच. अण्णांनी दार उघडलं तर बाहेर सगळी पलटण. पुढे माया, कमरेवर हात.

“उर्वी कुठाय?”

“तिला बरं नाहीये बाळांनो. पोट दुखतंय. तुम्ही आज खेळा तिच्याशिवाय.”

“तिच्याशिवाय कसं खेळणार?” नील म्हणाला. “राज्य तिच्यावर आहे!”

“काही पोटबिट दुखत नाहीये,” माया म्हणाली. “शाळेतून आली तेव्हा मी बघितलं, गेटवर कुल्फी खात होती. राज्य आलं म्हणून नाटक करतेय. रडी! अण्णा, तुमची उर्वी रडी आहे!”

“रडी! रडी!” मागून सगळ्यांनी सुरू केलं. जिनाभर आवाज घुमला.

अण्णा दाराची चौकट धरून उभे राहिले. नातीला कोणी वावगं बोललं की त्यांची जीभ आपोआप सुटायची. आज सुटेना. राज्य आलं की पोट दुखायला लागणारी पोरं त्यांनी आयुष्यभर पाहिली होती. त्यांचा भाऊ तसा होता, स्वानंद तसा होता, आणि खरं सांगायचं तर ते स्वतः सगळ्यांत पुढे होते. पण उर्वीच्या पोटदुखीवर आजवर डॉक्टरांशिवाय कोणी शंका घेतली नव्हती. आणि तिला रडी म्हणायला आजपर्यंत कोणी दारापर्यंत आलं नव्हतं. त्यांचे डोळे भरून आले. पोरांना दिसू नये म्हणून त्यांनी चष्मा काढला आणि सदऱ्याला पुसला.

मग आत तोंड करून त्यांनी आपला तो खणखणीत आवाज लावला.

“उर्वे, ऊठ! रडीचा डाव नको. सगळे खोळंबलेत तुझ्यासाठी.”

मग पलंग करकरला, वॉकर टेकल्याचा आवाज झाला आणि तोंड फुगवून उर्वी हॉलमध्ये आली. “जरा पाणी तरी पिऊ द्याल की नाही?” ती म्हणाली.

“लिफ्ट धरून ठेवलीये, चल लवकर,” माया म्हणाली आणि पुढे होऊन तिने दार सताड उघडलं.

अण्णांनी सवयीने चपलेत पाय घातला. उर्वी उंबऱ्यावर थांबली. “तू नको येऊस अण्णा,” ती म्हणाली, “तू आलास की कोण कुठे लपलंय ते तुझ्या चेहऱ्यावर दिसतं, आणि मग माया म्हणते मी चीटिंग करते.” लिफ्टचं दार लागलं. आत भांडण सुरू झालेलं खाली पोचेपर्यंत ऐकू येत होतं.